निकालापूर्वीची जप्ती

मनुष्यावर गुन्ह्याचा आरोप आला म्हणजे त्याचा निकाल दोन ठिकाणीं लागतो. एक निकाल न्यायालयांत लागावयाचा असतो. त्याला साक्षी लागतात, पुरावा लागतो, आणि आमच्या देशांत वर्षेंही पुष्कळ लागतात. दुसरा निकाल आळींत, बाजारांत व नातेवाइकांच्या बैठकींत लागतो. त्याला एक दुपार पुरते. ह्या दुसऱ्या निकालावर अपील नसतें, हें सर्वांस ठाऊक आहे. परंतु त्याची बजावणी अबोल्यानें व कुजबुजीनें होऊन संपत नाहीं. ती मनुष्याच्या घरावर व शेतावरही होते, ह्याकडे फारसें कोणाचें लक्ष जात नाहीं. आरोपीला आपलें घर, आपलें शेत, आपला गाळा विकण्याचा अधिकार राहतो कीं नाहीं, हा प्रश्न वरवर पाहतां वकिलांनीं बसून सोडवावा असा आहे. पण त्यांत साध्यासुध्या कुटुंबांचें सुखदुःख किती गुंतलेलें असतें, हें एका परिचित गृहस्थांच्या प्रकरणावरून आमच्या ध्यानांत आलें, आणि तेव्हांपासून तो प्रश्न आमच्या मनांतून जात नाहीं.

हे गृहस्थ एका तालुक्याच्या गांवचे. त्यांचा धाकटा भाऊ तेथील एका पतसंस्थेंत कारकून होता. संस्थेच्या हिशेबांत मोठी तूट निघाली, संचालकांबरोबर कांहीं नोकरांवरही अफरातफरीचा गुन्हा दाखल झाला, आणि कारकुनाला अटक होऊन त्याचा जामीनही नामंजूर झाला. त्यानें पैसे घेतले कीं नाहीं, हें आम्ही सांगूं शकत नाहीं. तें ठरविणें आमचें कामही नव्हे. परंतु एवढें खरें कीं, वडिलांच्या मागें भावाभावांत रीतसर वाटणी झाली होती, आणि त्या वाटणींत आलेलें पाऊण एकर बागाईत, तो पतसंस्थेंत नोकरीस लागण्यापूर्वींपासून, सातबाराच्या उताऱ्यावर त्याच्या नांवें होतें. वकिलाची फी द्यावयाची होती, मुलीच्या महाविद्यालयाचें शुल्क भरावयाचें होतें. तेव्हां तो तुकडा विकावा असें कुटुंबानें ठरविलें. शेजारच्या शेतकऱ्यानें भाव कबूल करून इसार दिला, आणि आठ दिवसांनीं तोच इसार परत मागावयास आला. “आरोपीची जमीन विकतां येत नाहीं, उद्यां पोलीस येऊन पाटी लावतील,” असें त्याला कोणीं तरी सांगितलें होतें. गांवांतील चांगल्या शिकलेल्या माणसांनींही त्यावर मान डोलाविली. मग हे वडील बंधू आमच्याकडे आले. “अण्णा, गुन्हा अजून शाबीत व्हावयाचा आहे. मग शेत आतांच सरकारजमा झालें काय?” एवढाच त्यांचा प्रश्न होता.

आम्ही वकील नव्हों; परंतु कायद्याचीं पुस्तकें व जुनीं खरेदीखतें वाचण्याची आम्हांस खोड आहे. ह्या प्रश्नाचें उत्तर शोधावयाला फार दूर जावें लागत नाहीं. मालमत्ता हस्तांतरणाचा आमचा कायदा १८८२ सालचा. त्याच्या सातव्या कलमाप्रमाणें, जो करार करण्यास पात्र आहे आणि ज्याचा मिळकतीवर हक्क आहे, अशा प्रत्येक मनुष्यास ती मिळकत दुसऱ्यास देतां येते. करार करण्यास पात्र कोण, हें १८७२ च्या करार कायद्याचें अकरावें कलम सांगतें: जो सज्ञान आहे, ज्याचें चित्त ठिकाणावर आहे, आणि ज्याला त्यास लागू असलेल्या कोणत्याही कायद्यानें अपात्र ठरविलेलें नाहीं. ह्या दोन्ही कलमांत आरोपीचें नांव नाहीं. आरोप आला म्हणून मालकी जात नाहीं, आणि मालकी आहे तोंपर्यंत विकण्याचा अधिकारही जात नाहीं.

ह्याहून बोलका पुरावा १९०८ च्या नोंदणी कायद्यांत सांपडतो. दस्त नोंदवावयाचा तर लिहून देणाऱ्यानें दुय्यम निबंधकाच्या कचेरींत हजर व्हावें लागतें. परंतु त्या कायद्याच्या अडतिसाव्या कलमानें कांहीं लोकांस ह्या हजेरींतून सूट दिली आहे. शरीर इतकें अशक्त कीं धोक्यावांचून वा मोठ्या हालांवांचून येतां येत नाहीं, असा मनुष्य हा त्यांतील एक. आणि दिवाणी वा फौजदारी हुकुमानें तुरुंगांत असलेला मनुष्य हा दुसरा. अशा वेळीं निबंधकानें स्वतः त्या घरीं किंवा त्या तुरुंगांत जावें, नाहीं तर कमिशन पाठवून त्याचा जबाब घ्यावा, असें तें कलम सांगतें. रुग्णशय्येवरचा म्हातारा आणि कोठडींतला बंदी ह्यांना कायद्यानें एका ओळींत बसविलें आहे. दोघांचेही पाय बांधलेले आहेत, पण हात मोकळे आहेत, हें त्यानें ओळखलें. कैद्याकडे सरकारचा अधिकारी चौकशीस जातो हें सर्वांस माहीत असतें. त्याची सही घेऊन त्याचा दस्त नोंदवावयासही जाऊं शकतो, हें कितीजणांस माहीत असेल?

आमच्या परिचितांनीं हें सर्व आपल्या वकिलास विचारून खात्री करून घेतली. तुरुंगांतून भावाच्या नांवें कुलमुखत्यारपत्र झालें, खरेदीखत झालें, फेरफारही मंजूर झाला. परंतु पहिला गिऱ्हाईक गेला तो गेलाच. ज्यानें अखेर जमीन घेतली, त्यानें ‘भानगडीची जमीन’ हे दोन शब्द इतक्या वेळां उच्चारले कीं, त्या शब्दांचीच किंमत मूळ भावाच्या तिसऱ्या हिश्शाएवढी झाली. खटला अजून चालूच आहे. उद्यां तो भाऊ निर्दोष सुटला तरी गेलेला तिसरा हिस्सा त्याला कोणतें न्यायालय परत करणार? त्या रकमेची जप्ती कोणत्याही हुकुमानें झालेली नव्हती.

आरोपीची मालकी शाबूत राहते ही गोष्ट आज सहज वाटते. पण ती मिळावयास मनुष्यजातीला फार काळ लागला. इंग्लंडांत शतकानुशतकें असा कायदा होता कीं, राजद्रोह वा महापराध शाबीत झाला म्हणजे अपराध्याची मालमत्ता त्याच्या कुटुंबाची राहत नसे. त्यांतही जमिनीची जप्ती निकालाच्या दिवसापासून न धरतां गुन्हा घडल्याच्या दिवसापासून धरीत. म्हणजे मध्यंतरीं त्यानें ती विकली असली तरी घेणाऱ्याच्या हातून ती जाई. आमच्या गांवकऱ्यांच्या मनांतील भीति त्या देशांत एके काळीं कायद्यानें खरी होती! अशा ठिकाणीं आरोपीपासून कोण काय विकत घेईल? त्याच कायद्यांत दुसरा एक चमत्कार होता. आरोपीनें ‘कबूल’ वा ‘नाकबूल’ असें कांहींच म्हटलें नाहीं तर खटला चालत नसे, खटला नाहीं म्हणून दोष शाबीत होत नसे, आणि म्हणून जप्तीही होत नसे. तेव्हां त्याला बोलता करण्याकरितां त्याच्या छातीवर दगडांचीं वा लोखंडाचीं वजनें ठेवीत. अमेरिकेंतील सेलेम येथें १६९२ सालीं जाइल्स कोरी नांवाच्या वृद्ध शेतकऱ्यावर चेटकाचा आरोप आला. त्यानें तुरुंगांत असतांच आपली मालमत्ता जांवयांच्या नांवें लिहून दिली, आणि पुढें खटल्याला उभें राहण्याचें नाकारून तो दगडांखालीं चिरडून मेला. आपल्या मुलाबाळांचें घर वांचावें म्हणून तो गप्प राहिला, असें परंपरेनें सांगतात. कारण कांहींही असो. तुरुंगांत बसून खरेदीखत लिहिणारा आरोपी हा कांहीं आजचा प्राणी नव्हे. इंग्लंडांत ही वजनांची चाल १७७२ सालीं बंद झाली, आणि महापराधाबद्दलची सर्वस्वाची जप्ती १८७० च्या कायद्यानें गेली.

आमच्याकडे तर हें कालपरवांचें आहे. १८६० च्या भारतीय दंडसंहितेंत एकसष्ट व बासष्ट अशीं दोन कलमें होतीं, आणि त्यांत अपराध्याच्या मिळकतीच्या जप्तीची शिक्षा होती. राजाविरुद्ध युद्ध पुकारण्याच्या एकशें एकविसाव्या कलमांत तर जन्मठेपेबरोबर सर्व मालमत्तेची जप्ती ठेविलेलीच असे. नाशिकच्या सावरकर बंधूंपैकीं गणेश दामोदर ह्यांना १९०९ सालीं व विनायक दामोदर ह्यांना १९१० सालीं काळ्या पाण्याच्या शिक्षेबरोबर मिळकतजप्तीचीही शिक्षा झाली, हें महाराष्ट्रास ठाऊक आहे. १९२१ च्या दुरुस्तीनें हीं दोन्ही कलमें रद्द झालीं, आणि एकशें एकविसाव्या कलमांत जप्तीच्या जागीं दंड आला. ह्या फेरबदलांतील तत्त्व सरळ आहे. शिक्षा ज्यानें अपराध केला त्याच्या देहापुरती व त्याच्या अपराधापुरती असावी. त्याच्या घरांतील चूल विझवून ती पुरी होऊं नये. आणि शिक्षा झालेल्याचेंही सर्वस्व घ्यावयाचें नाहीं असें एकदां ठरल्यावर, ज्याचा निकालच झाला नाहीं त्याचें घर घेण्याची कल्पना मनांत आणणें हें उलट्या पावलीं चालण्यासारखें आहे.

येथें कोणी म्हणेल, “तुम्ही कारकुनाचें रडगाणें गातां, ज्यांच्या ठेवी बुडाल्या त्यांचें काय?” हा आक्षेप आम्ही हलका मानीत नाहीं. निवृत्तीच्या वेळीं हातीं आलेली पुंजी पतसंस्थेंत ठेवून व्याजावर महिना काढणारे शिक्षक, भरतकाम करून शंभर शंभर रुपये साठविणाऱ्या विधवा बाया, हे लोकही आमच्याच आळींत राहतात. संस्था बुडाल्याची वार्ता येते आणि त्याच आठवड्यांत एखाद्या संचालकाची सदनिका पत्नीच्या नांवें बक्षीसपत्रानें जाते, फार्म हाऊस मेहुण्याच्या नांवें चढतें. हा ‘विकण्याचा अधिकार’ नव्हे. हें लपविणें आहे. ज्या हातानें कायद्यानें आरोपीची मालकी राखली, त्याच हातानें त्यानें ही वाट अडविली पाहिजे, आणि त्यानें ती अडविलीही आहे.

१८८२ च्याच कायद्याच्या त्रेपन्नाव्या कलमाप्रमाणें, धनकोंना बुडविण्याच्या किंवा रखडविण्याच्या हेतूनें केलेलें स्थावराचें हस्तांतरण त्या धनकोंना रद्द करून घेतां येतें. मात्र ज्यानें प्रामाणिकपणें व मोबदला देऊन मिळकत घेतली, त्याला तें कलम धक्का लावीत नाहीं. ठराविक गुन्ह्यांतून आलेला पैसा व मिळकत निकालापूर्वीं न्यायालयाकडून अडकवून ठेवण्याची सोय १९४४ च्या एका अध्यादेशानें झाली. महाराष्ट्रानें १९९९ सालीं ठेवीदारांच्या हितरक्षणाचा स्वतंत्र कायदा केला. त्याप्रमाणें ठेवी बुडविणाऱ्या वित्तसंस्थेची, तिच्या प्रवर्तकांची व संचालकांची मालमत्ता जप्त करतां येते, आणि ती पुरेना तर, ज्यांनीं खोटेपणानें ती आपल्या नांवें करून घेतली त्यांच्यापर्यंतही हात पोंचतो. २००२ च्या अवैध धनशोधन प्रतिबंधक कायद्यानें गुन्ह्यांतून निपजलेली मालमत्ता प्रथम १८० दिवसांपर्यंत तात्पुरती अडकवितां येते. पुढें निर्णायक प्राधिकरणानें तें कायम केलें तर खटला संपेपर्यंत ती तशीच राहते. जो आरोपी न्यायालयापुढें येण्याचेंच टाळतो, त्याच्यासाठीं वेगळा मार्ग आहे. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेंतही, जुन्या संहितेप्रमाणेंच, फरारी मनुष्यास निदान ३० दिवसांची मुदत देऊन जाहीरनामा काढतात व त्याची मिळकत जप्त करतात. तो ती विकण्याच्या बेतांत आहे असें न्यायालयास पटलें तर जाहीरनाम्याबरोबरच जप्तीचा हुकूम निघूं शकतो. आणि तरीही जप्तीच्या तारखेपासून २ वर्षांच्या आंत तो हजर झाला व आपण पळालों नव्हतों असें त्यानें सिद्ध केलें, तर त्याची मिळकत, किंवा विकली गेली असल्यास खर्च वजा जातां तिचे पैसे, त्यास परत मिळतात.

ह्या सर्व तरतुदी एकत्र ठेवून पाहिल्या म्हणजे त्यांच्यांतून एक सूत्र निघतें. हुकूम लेखी पाहिजे; तो कोणत्या मिळकतीवर आहे हें नेमकें पाहिजे; त्या मिळकतीचा गुन्ह्याशीं किंवा देण्याशीं संबंध पाहिजे; आणि मालकास व तिऱ्हाइतास आपलें म्हणणें मांडावयास जागा पाहिजे. ‘हा आरोपी आहे’ एवढें म्हटल्यानें त्यांतील एकही अट पुरी होत नाहीं. तपासाच्या ओघांत पोलिसांनीं आरोपीची स्थावर मिळकत जप्त करावी काय, हा वाद मुंबईच्या उच्च न्यायालयांतून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि २०१९ सालीं त्या न्यायालयानें निर्णय दिला कीं, संशयास्पद वस्तु ताब्यांत घेण्याचें जें कलम आहे त्याखालीं पोलिसांना घरजमीन जप्त करतां येत नाहीं. बँकेचें खातें त्या कलमाखालीं गोठवितां येतें, असें त्याच न्यायालयानें १९९९ सालीं ठरविलें होतें. पैसा एका घटकेंत उडून जातो. जमीन कोठें जात नाहीं. ज्याला घाई आहे त्याला हा भेद ध्यानांत घ्यावासा वाटत नाहीं.

तथापि कायद्याच्या ह्या बाजूलाही मर्यादा राहिली पाहिजे, असें आम्हांस वाटतें. गुन्ह्याचा पैसा सांपडत नसेल तर तेवढ्या किमतीची दुसरी मिळकत अडकविण्याची मुभा २००२ च्या कायद्यांत आहे. चोरानें पैसे परदेशीं नेले असतां ती आवश्यकही असेल. परंतु त्याच मुभेनें आजोबांनीं बांधलेलें घर संशयाच्या फेऱ्यांत येऊं शकतें. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीनें मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादींतून निघाला हें खरें. पण कायद्याच्या आधारावांचून कोणाचीही मालमत्ता हिरावून घेतां येणार नाहीं, हें वचन घटनेच्या तीनशें ‘अ’ ह्या अनुच्छेदांत राहिलें आहे. कांहीं राज्यांत तर जप्तीच्याही पलीकडे जाऊन, आरोप येतांच आरोपीचें घर यंत्रानें पाडण्याची रीत पडूं लागली होती. १३ नोव्हेंबर २०२४ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें ती अवैध ठरविली. एखादा मनुष्य आरोपी आहे, किंबहुना शिक्षा झालेला आहे, एवढ्यासाठीं अधिकाऱ्यांस त्याचें घर पाडतां येणार नाहीं, आणि बांधकाम खरोखर अनधिकृत असलें तरी निदान १५ दिवसांची नोटीस दिली पाहिजे, असें त्यानें सांगितलें. त्या घरांत आरोपी एकटा राहत नसतो, हा त्या निर्णयांतील विचार आमच्या मनांत घर करून राहिला आहे.

न्यायालयें व कायदेमंडळें आपापलें काम कमीजास्त करीत असतात. आम्हांस अधिक बोलावयाचें आहे तें आपल्यासारख्या सामान्य माणसांविषयीं. २०२२ च्या अखेरच्या सरकारी आंकड्यांप्रमाणें आमच्या तुरुंगांतील दर चार बंद्यांत तीन बंदी असे होते कीं ज्यांचा निकाल लागावयाचा होता. त्यांत खरे अपराधी असतील, खोट्यांत गोंवलेलेही असतील. पण त्यांच्यापैकीं ज्यांच्यापाशीं एखादें घर, एखादा वाफा किंवा चार तोळे सोनें आहे, त्यांना तें विकण्याची गरज नेमकी ह्याच काळांत पडते. वकील फुकट मिळत नाहीं, जामीनदार सहज मिळत नाहीं, शाळा थांबत नाहीं, औषध थांबत नाहीं. अशा वेळीं गिऱ्हाईक पाठ फिरवितें, किंवा पाठ फिरविण्याचें सोंग करून भाव पाडतें. अडला हरी गाढवाचे पाय धरी, ही म्हण आम्ही हंसत हंसत वापरतों. पण त्या म्हणींतील गाढव होणें हें कोणास भूषणावह आहे काय? ज्याची जमीन आम्ही अर्ध्या भावानें घेतली, त्याच्यावर आम्हीं एक शिक्षा बजावली. ती कोणत्याही न्यायाधीशानें फर्माविलेली नव्हती, आणि तिची रक्कम सरकारांत न जातां आमच्याच खिशांत गेली.

सावधगिरी नको असें आम्ही म्हणत नाहीं. आरोपीची मिळकत घेणाऱ्यानें इतरांपेक्षां चार कागद जास्तच पाहावेत. सातबाराच्या ‘इतर हक्क’ ह्या रकान्यांत जप्तीचा शेरा किंवा बोजा आहे काय, तें पाहावें. निबंधकाच्या कचेरींत मागील तीस वर्षांचा शोध घ्यावा. जामिनाच्या हुकुमांत मिळकत न विकण्याची अट घातलेली आहे काय, तें वकिलाकडून वाचून घ्यावें. वर्तमानपत्रांत जाहीर नोटीस देऊन हरकती मागवाव्यात. आणि पैसे रोखीनें न देतां बँकेतून द्यावेत. विकणारा ती मिळकत कशी व केव्हां मिळवून बसला, हेंही विचारावें. आरोपाच्या काळांतली कमाई आणि आजोबांची वाटणी ह्यांतील अंतर कागदावर बहुधा स्वच्छ दिसतें. एवढें पाहून मनांत शंका उरली तर व्यवहार करूं नये. परंतु कागद स्वच्छ असतांना केवळ माणसाचें नांव मळलें म्हणून मालाची किंमत कमी करूं नये. मिळकतीवर बोजा नसेल तर तो आपल्या जिभेनें चढविण्याचा अधिकार आम्हांस कोणीं दिला?

आमच्या घरांतून मुलांना शिकविलें जातें कीं, दोष शाबीत होईपर्यंत मनुष्य निर्दोष मानावा. तें वाक्य बोलावयास सोपें आहे, कारण तें बोलतांना पदरचें कांहीं जात नाहीं. त्याची खरी परीक्षा बाजारांत होते. आरोपीच्या घरचें माणूस आपलें शेत विकावयास दारीं येतें, तेव्हां त्याला बसावयास पाट देऊन, इतरांना देतों तोच भाव जो देईल, त्यालाच तें वाक्य समजलें असें आम्ही म्हणूं.